कॉलरवालीचे असमीकरण

शर्टांच्या कारखान्यात सारे तिला कॉलरवाली म्हणत, आणि त्यात खोटे काहीच नव्हते. सतरा वर्षांत तिने कॉलरीखेरीज काही शिवले नव्हते. बाह्या एका मशिनीवर, खिसा दुसरीवर, काजे तिसरीवर. अख्खा शर्ट एकाच बाईने शिवायची तिथे रीतच नव्हती. "डोळे मिटून शिवतेस गं," असे शेजारच्या मशिनीवरची बाई कौतुकाने म्हणे, तेव्हा हिची नजर दाराकडे जाई. या दाराबाहेर पडले तर नुसत्या कॉलरी शिवणारी बाई कुणाला हवी होती?

चार गल्ल्या पलीकडे कपडे बेतायचा, कटिंगचा वर्ग चाले. सहा महिने, रोज अकरा ते दोन. तो पुरा केला की घरी मशीन मांडून गिऱ्हाइकांचे कपडे घेता आले असते. पण अकरा ते दोन म्हणजे कारखाना सोडणेच आले. नाव घालायची मुदत सोमवारी संध्याकाळी पाचला संपत होती.

रविवारी सकाळी नववीतली लेक फरशीवर वही पसरून असमीकरणे सोडवत होती. एका मुलीजवळ अमुक पैसे, वहीची किंमत तमुक, तर ती जास्तीत जास्त किती वह्या घेईल?

"पुस्तकातल्या मुलीचंच सुटतं का गं हे? की माझंही सुटेल?" भाजी निवडता निवडता कॉलरवालीने विचारले.

"आकडे सांग की."

आकडे तोंडपाठ होते. डब्यात साठवलेले चोवीस हजार, त्यातून वर्गाचे तीन वजा. घरखर्च साडेबारा हजार, रखवालदार नवऱ्याचा पगार आठ. तिची कमाई थांबली की दरमहा साडेचार हजार कमी. लेकीने महिन्यांना क्ष म्हटले, भराभर मांडणी केली, उणे साडेचार हजारांनी भागले आणि चमकत्या डोळ्यांनी वर पाहिले.

"आई, क्ष चार पूर्णांक सहासष्टहून मोठा! म्हणजे सहा महिने चालतील, दहासुद्धा!"

कॉलरवालीचा हात थांबला. क्षणभर ती एकच खोली ऐसपैस वाटली. मग तिच्या कपाळाला आठी पडली.

"अगं शहाणे, मी जितकी जास्त घरी बसेन तितके पैसे पुरतील? तसं असतं तर तुझा बाप कधी कामावर गेलाच नसता!"

"मला कशाला मध्ये ओढतेस?" रात्रपाळीहून येऊन आडवा झालेला रखवालदार पांघरुणातून पुटपुटला.

लेकीने जीभ चावली. ऋण संख्येने भागल्यावर लहान-मोठ्याचे चिन्ह उलटायचे, तेच राहिले होते. खोडून तिने पुन्हा लिहिले. चारच महिने. पाचव्यात डबा रिकामा.

सहा महिने निभवायचे तर दरमहा आणखी हजार वाचायला हवे होते. भाडे हलण्यासारखे नव्हते. किराणा आधीच ताणलेला. पेन्सिल एका आकड्यावर घुटमळली.

"माझी शिकवणी बाराशेची आहे," लेक हळूच म्हणाली. "ती सोडते."

"त्या आकड्याला हात लावायचा नाही."

"मग सुटत नाही, आई."

पांघरुणाने कूस बदलली.

सोमवारी तिने धीर करून कारखान्यात काम वाटून देणाऱ्या मास्तरांना गाठले. "सहा महिने अर्ध्या दिवसाचं काम द्याल का, मास्तर?"

"अर्ध्या बाईला अख्खी मशीन?" मास्तर मोठ्याने म्हणाले. "उद्या गिऱ्हाइकाला अर्धीच कॉलर देऊ का?" सगळे हसले, तीही हसली. मग आवाज उतरवून ते म्हणाले, "तुझ्यासारखी कॉलर इथं कुणाला जमत नाही बाई. तुला सोडून माझं कसं भागायचं?"

पाच वाजले तेव्हा ती मशिनीवरच होती. सुट्टीची घंटा सहाला व्हायची.

घरी लेक दारातच उभी होती. "काय झालं?"

"पुढच्या वर्षी बघू."

"पुढच्या वर्षी मी दहावीला, आई. शिकवणी दुप्पट होईल."

"ते गणित आज मांडू नकोस," कॉलरवाली म्हणाली, आणि चपला काढून ओट्याकडे वळली.