आखाजीचा बंदोबस्त

सिल्वासातला तो अर्ज अजून विसरलो नाही, आणि आठवला की आधी माझंच हसू येतं.

खानवेलहून येणाऱ्या पहिल्या बसने एक चाळिशीची बाई माझ्या पोलीस ठाण्यात आली. तिचे वडील जळगावकडून इथल्या कारखान्यात कामाला आलेले, गेल्या पावसाळ्यात वारले. मागे तीन खोल्यांचं घर आणि त्यात राहणारा धाकटा भाऊ. अर्जात लिहिलं होतं : वारशाच्या वादातून भावाकडून जिवाला धोका, पोलीस संरक्षण मिळावे. धमकी जागेच्या एका दलालाने भावाचा निरोप म्हणून पोचवली होती. हक्कसोड पत्रावर सही कर, आणि आखाजीला उंबऱ्यात पाय ठेवलास तर तंगडं मोडीन.

तुम्हाला हिस्सा किती हवा, असं मी विचारलं. तिने मान हलवली.

"हिश्श्याचं मंग पाहू, साहेब. बापाची पहिली घागर आहे. ती भराले जाऊ द्या. तेवढा एक दिवस पोलीस द्या."

आखाजी म्हणजे अक्षय तृतीया. खानदेशात त्या दिवशी गेलेल्या माणसाच्या नावाने पाण्याची घागर पूजतात. मी कोकणातला, मला हे तिच्याकडूनच कळलं. सण तीन दिवसांवर होता.

बंदोबस्त देण्याआधी मी हवालदाराला घराच्या पाहणीला पाठवलं. तो सांगत आला, की अंगणातल्या कडुलिंबाला जाडजूड नवा दोर टांगलाय. तंगडं मोडण्याची धमकी, त्यात नवा दोर! मी फार विचार केला नाही. पंचनामा करून दोर जप्त केला आणि भावाला बोलावून घेतलं.

तो पाळी संपवून कारखान्याच्या कपड्यांतच आला. धमकी दिलीच नाही म्हणाला. उलट बहीणच आपल्याला कोर्टात खेचून घराबाहेर काढणार, असा निरोप त्याला आला होता. आणणारा तोच दलाल. मात्र दोराचं नाव काढताच गडी गप्प झाला. मी आवाज चढवत गेलो, तो पायांकडे बघत राहिला. हाच आरोपी, अशी माझी खात्रीच पटली.

जबाब लिहून घेणारी महिला शिपाई धुळ्याची. तिने पेन खाली ठेवलं आणि तोंडाला रुमाल लावून हसायला लागली.

"सर, हा झोक्याचा दोर आहे. आखाजीला लेक माहेरी येते, तिच्यासाठी झाडाला झोका बांधतात. यांच्या घरात दुसरी लेक कुठंय?"

मी भावाकडे पाहिलं. त्याचे कान लाल झाले होते.

"ताई येईन असं वाटलं," तो हळूच म्हणाला. "नसती आली तर सोडून ठेवला असता."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

दुसऱ्या दिवशी बहीण, भाऊ आणि दलाल तिघांना समोरासमोर बसवलं. दलालाने आधी पाणी मागितलं, मग गैरसमज झाला म्हणाला, आणि अर्ध्या तासात सगळं कबूल केलं. ते घर त्याला एका गिऱ्हाइकासाठी स्वस्तात हवं होतं. भावंडं एकमेकांशी बोलली असती तर सौदा मोडला असता. त्याच्यावर रीतसर कारवाई केली.

आखाजीला अर्जाप्रमाणे बंदोबस्त दिला, म्हणजे त्याच महिला शिपाईला पाठवलं. मीही गेलो, कारण जप्त माल परत करून मालकाची सही घ्यायची होती. भावाने दोर बांधला, मी दोनदा ओढून पाहिला. बहिणीने घागर भरली, वर आंबा ठेवला, थोडी रडली, आणि मग झोक्यावर बसली. बंदोबस्तावरच्या बाईंनी तीन मांडे खाल्ले.

धमकी कोणी दिली हे मी सगळ्यांना विचारत होतो. ती ज्याने आणून पोचवली, त्याला आधी बोलवायला हवं होतं. पुढे घरगुती वादात मी भावंडांना पहिल्यांदा एका बाकावर बसवू लागलो. निम्मे अर्ज तिथेच मिटायचे.

हा मात्र मिटला नाही. आता संरक्षणाची गरज नाही असं लिहून द्या, म्हटलं तर बाई झोक्यावरूनच म्हणाली, "पुढच्या आखाजीलेबी या पोलीसबाईले पाठवा, मंग लिहीन."

दर वर्षी ती हेच सांगत राहिली. मी निवृत्त झालो तेव्हाही तो अर्ज प्रलंबितच होता.