पडद्यावरचं नाव

पुण्यात मी बारा वर्षं जर्मन शिकवलं. नवऱ्याच्या नोकरीमुळे कॅनडात हॅलिफॅक्सला आलो, तेव्हा इथे त्या जर्मनचं काय करायचं, हे कुणालाच सांगता येईना. मग एका उन्हाळ्यात जर्मन टीव्हीची मंडळी इथल्या किनाऱ्यावर फिल्म शूट करायला आली आणि मला दुभाषी म्हणून बोलावणं आलं.

त्यांच्या कथेत एक भारतीय डॉक्टरीण होती. ती प्रत्येक सीनमध्ये हात जोडून कर्माबद्दल बोलायची. तिसऱ्या दिवशी मला राहवेना. दिग्दर्शकाला म्हटलं, "इथल्या आमच्या डॉक्टर बायकांना कर्माची नाही, विंटर टायर्सची काळजी असते."

तो वैतागला. "मग तुम्हीच लिहा."

मी चार सीन लिहून नेले. ते वाचल्यावर नटीने जुन्या पानांना हातही लावला नाही. फिल्ममध्ये माझं नाव कुठेच आलं नाही, पण आपल्याला हे जमतं एवढं मला कळलं.

पुढची दोन वर्षं खपून मी एक अख्खी पटकथा जर्मनमध्ये लिहिली. इथून जवळच्याच लुनेनबर्ग गावातली एक हेकट जर्मन म्हातारी आणि तिच्या बेसमेंटमध्ये भाड्याने राहणारी मराठी नर्स, अशी गोष्ट. म्युनिकच्या एका निर्मातीला ती आवडली. फोनवर भरपूर कौतुक करून झाल्यावर ती म्हणाली, "एकच विनंती. लेखिकेचं नाव एखादं जर्मन घेऊ. आमच्या प्रेक्षकांना अशा नावांची सवय नाही."

"मग सवय होऊ दे," मी म्हटलं.

"नीट विचार करा. अशी संधी रोज येत नाही."

"विचार झाला. नाव बदलणार असेल तर पटकथा मिळणार नाही."

नवरा शेजारीच उभा होता. "अगं, एकदा आत शिरून तर घे. नावाचं नंतर बघता येईल."

"लग्नात बदललं नाही, ते आता टीव्हीसाठी बदलू?"

यावर तो हसला आणि ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हल करायला गेला.

पुढे दीड वर्ष काहीच घडलं नाही. मी युनिव्हर्सिटीत जर्मनचे वर्ग घेत होते. पटकथा नऊ ठिकाणांहून परत आली. दर नकारानंतर मी रडायचे, आणि त्याच आठवड्यात ती पुढच्या पत्त्यावर रवाना करायचे. शेवटी फोन आला तो त्या वैतागलेल्या दिग्दर्शकाचा. कुणाकडून तरी पटकथा त्याच्या हाती पडली होती. त्याने काही बोलायच्या आत मीच नावाची अट सांगितली.

"त्यात काय एवढं?" तो म्हणाला. "लिहिलंय तुम्ही, नाव दुसऱ्या कुणाचं असणार?"

फिल्म एका रविवारी जर्मनीत दाखवली गेली. आम्ही ती पोस्टाने आलेल्या डीव्हीडीवर पाहिली. माझं नाव जेमतेम दोन सेकंद दिसलं. नवऱ्याने रिमोट घेऊन तिथेच पॉज केलं आणि चहा होईपर्यंत ते तसंच ठेवलं.

पुढे त्या निर्मातीचाही फोन आला. नवीन काही आहे का, असं विचारत होती. "आहे," मी म्हटलं, "पण आधी करारात माझं पूर्ण नाव घाला. मग वाचायला पाठवते."

तिने घातलं.