गोंडाच्या स्टेअरिंगचा प्ले

सुशीला वहिनींचा फोन आला तेव्हा मी न्हाव्याच्या खुर्चीत होतो. तोंडाला फेस, गळ्याभोवती फडकं, आणि मोबाइल समोरच्या फळीवर थरथरत होता. नाव दिसलं आणि मी ठरवलं, दाढी झाली की बघू. कारण गेले दोन महिने त्या नंबरवरून फोन आला की बोलायला वहिनी नसायच्या, त्यांचा नवरा बाळगोंडा असायचा, आणि त्याचं वाक्य ठरलेलं, 'मास्तर, गाडी अडकलीया, ये.' गाडी म्हणजे कॉम्प्युटरच्या पडद्यावरची. फोन एकदा वाजून थांबला, दुसऱ्यांदा वाजला. तिसऱ्यांदा वाजला तसा न्हावीच म्हणाला, "घ्या की वो, काय तरी अर्जंट असंल." फेसासकट मी फोन कानाला लावला. वहिनी एवढंच म्हणाल्या, "भावजी, हे उठंनात." अर्ध्या दाढीनं मी त्यांच्या दारात पोचलो. पहाटे झोपेतच दुसरा झटका आला असावा, असं डॉक्टर म्हणाले. गोंडानं मला त्या अवतारात बघितलं असतं तर त्याला वर्षभर तरी दुसरा विषय लागला नसता.

आम्ही कागलच्या शाळेत एका बाकावरचे. दहावीत दोघांनीही गटांगळ्या खाल्ल्या. मी परत बसून पास झालो, तो टँकरवर क्लीनर म्हणून चढला आणि पुढं तीस वर्षं बिद्रीकडच्या गावांचं दूध कोल्हापुरात आणत राहिला. मी कोल्हापुरात कॉम्प्युटरचा क्लास काढला म्हणून मास्तर झालो. खरं सांगायचं तर मला टायपिंग शिकवता येतं, आणि मशीन अडलं तर बंद करून चालू करता येतं. एवढ्या दोन विद्यांवर मी बावीस वर्षं काढली आणि गल्लीत कुणाचा मिक्सर बिघडला तरी लोक मलाच बोलवायचे. गोंडाची विद्या मात्र खरी होती. तो सांगायचा, भरलेला टँकर शहाण्या बैलासारखा चालतो, मोकळा तर काय कुणीही चालवतो, पण अर्धा भरलेला टँकर म्हणजे परीक्षा. वळणावर आतलं दूध गाडीच्या आधी वळतं, ते पाठीला कळलं पाहिजे. हात नुसता हुकूम बजावतो, म्हणायचा, गाडी चालवते ती पाठ.

गेल्या दिवाळीआधी पहिल्या झटक्यानं त्याची डावी बाजू गेली. बोलणं वाचलं, चार आठवड्यांत काठी घेऊन चालायलाही लागला, पण डावा हात मांडीवर ठेवलेल्या पिशवीसारखा पडून राहायचा. फिजिओथेरपीच्या मॅडमनी दाबायला रबरी बॉल दिला. त्यानं तो दोन दिवस दाबला आणि तिसऱ्या दिवशी खाटेखाली ढकलला. कुत्र्याचं खेळणं माझ्या हातात देतीस काय, असं त्यानं वहिनींना विचारलं. मॅडम मला बाजूला घेऊन म्हणाल्या, पहिले काही महिने फार मोलाचे असतात, हात आता हलला तर हलला, नंतर आखडून बसेल. अंगठा आणि बोटं चालतील असं काहीही करायला लावा. मला लगेच सुचलं. सुचलं म्हणजे काय, क्लास बंद केला तेव्हापासून एका खोक्यात, कधीकाळी कुणी विद्यार्थी विसरून गेलेला गेमपॅड पडला होता. डाव्या अंगठ्याखाली दांडी, तिनं गाडी वळवायची. उजव्या बोटाखाली ॲक्सिलरेटर. ड्रायव्हरला यापेक्षा चांगला बॉल कुठला मिळणार, म्हणून माझा जुना कॉम्प्युटर रिक्षात घालून मी त्याच्या घरी नेला आणि ट्रक चालवायचा एक गेम त्यात घातला.

जोडायला मी अर्धा तास लागेल म्हणालो आणि सकाळी दहाला बसलो ते वहिनींनी जेवायला हाक मारेपर्यंत बसलो होतो. वायर या भोकातून त्या भोकात घालून झाली. कॉम्प्युटर बंद-चालू तर पाच वेळा करून झाला. पॅडचा दिवा लागायचा, पण गेम त्याला ओळख द्यायला तयार नाही. गोंडा खाटेवरून एखाद्या गॅरेजमधल्या गिऱ्हाइकासारखा बघत होता आणि अधूनमधून विचारत होता, "मास्तर, इंजिन उतरवायचं काय?" शेवटी पॅड उलटा केला तर पाठीवर एक बारकं बटण, एका बाजूला एक्स, दुसऱ्या बाजूला डी. डीवर होतं ते एक्सवर ढकललं आणि पडद्यावरचा ट्रक गुरगुरला. मी असा चेहरा केला की जणू मला हे सकाळपासून माहीत होतं. मग सेटिंगच्या पानावर गेलो. तिथं बऱ्याच पट्ट्या होत्या आणि त्यातल्या एकीवर लिहिलं होतं 'डेडझोन'. डेड म्हणजे काय एवढं इंग्रजी मला येतं. आजाऱ्याच्या घरात, दोन हातांवर तो बसलेला, आणि पडद्यावर हा शब्द, पुढं आकडा वीस... मी कुणाला न विचारता ती पट्टी ओढून शून्यावर आणली. नाट लागायला नको. वर मनातल्या मनात स्वतःची पाठही थोपटली.

दुसऱ्या दिवसापासून ट्रक डावीकडं जायला लागला. रस्ता सरळ असला तरी गाडी आपली हळूहळू कडेला, मग गवतात, मग कुंपणात. गोंडा जीव तोडून चालवायचा. त्याच्या अंगठ्याला स्पर्श नीट कळत नव्हता, अंगठा कुठं आहे ते बघितल्याशिवाय त्याला समजायचं नाही, त्यामुळं तो एकदा पडद्याकडं आणि एकदा अंगठ्याकडं बघत बसायचा आणि कपाळावर घाम यायचा. चौथ्या दिवशी त्यानं मला विचारलं, "मास्तर, हिचं अलाइनमेंट गेलंय का बघ की." मॅडम तिथंच होत्या, वहिनीही होत्या. दोघींच्या समोर मी तज्ज्ञ होतो. मी आदल्या दिवशी स्वतः चालवून बघितला होता आणि मला काही जाणवलं नव्हतं, कारण माझा धडधाकट अंगठा नकळत सावरून घेत होता. तेव्हा मी, बंद करून चालू करणारा माणूस, म्हणालो, "गोंडा, मशीनला अलाइनमेंट नसतं. मशीन खोटं बोलत नाही. तुझा अंगठाच ओढतोय."

त्यानं पॅड टेबलावर ठेवला. तीस वर्षं ज्याची गाडी ओळीतून हलली नाही त्याला मी सांगितलं होतं की तुझा हात तुझा राहिला नाही. त्यानंतर तो पॅडला शिवला नाही, बॉललाही नाही, मॅडम आल्या की झोपेचं सोंग घ्यायचा. हात गेला, असं त्यानं वहिनींना सांगून टाकलं, पाऊस पडून गेला अशा सुरात.

तीन दिवसांनी वहिनी म्हणाल्या, ते मशीन न्या भावजी, हे त्याच्याकडं बघून बघून गप होतात. मी न्यायला गेलो. गोंडा आत झोपला होता. न्यायच्या आधी चालतोय ना बघावं म्हणून कॉम्प्युटर चालू केला, गेम सुरू झाला, पॅड टेबलावर उताणा पडलेला, कुणाचा हात नाही की बोट नाही. आणि पडद्यावर उभ्या ट्रकची चाकं आपोआप डावीकडं वळली... मी सरळ केली, सोडली. परत डावीकडं. मग सेटिंगच्या पानावर गेलो आणि पहिल्यांदाच त्या पट्टीखालचं बारकं वाक्य वाचलं. जुनी झालेली दांडी मध्यभागी नीट बसत नाही, तिची ती बारीक हालचाल गाडीनं मनावर घेऊ नये म्हणून ही सोय आहे, असं काहीसं लिहिलं होतं. मी ती सोयच शून्य करून ठेवली होती. गोंडाचा अंगठा निर्दोष होता.

दहा पावलं आत जाऊन त्याला उठवायचं होतं. मी कॉम्प्युटर बंद केला, वहिनींना म्हणालो असू दे इथंच, नंतर नेतो, आणि घरी गेलो. पुढचे अकरा दिवस मी त्या घरात रोज जात होतो. केळी नेली, चिकू नेले, एकदा तर चक्क लोणचं नेलं. उसाच्या तोडीबद्दल बोललो, कुस्तीबद्दल बोललो. सांगायचं वाक्य मी घरातून पाठ करून निघायचो आणि त्याच्या दारातली चप्पल बघितली की विसरायचो. सांगितलं तर तो परत कधी माझ्यावर विश्वास ठेवणार नाही, अशी एक भीती. न सांगितलं तर हात आखडणार, ही दुसरी. बायको म्हणायची, जेवताना ताटात बघा, भिंतीकडं काय बघताय. फोन वाजला की वाटायचं, गोंडाला कळलं. अकराव्या दिवशी मॅडमनी त्याचा अंगठा उघडायचा प्रयत्न केला आणि माझ्याकडं बघून नुसती मान हलवली. मग मात्र त्या गेल्या-गेल्या मी बोललो. एका दमात, एक्स-डीच्या बटणापासून सगळं.

तो ऐकत राहिला. म्हणाला, "थांब. काय शून्य केलंस म्हणालास?"

"डेडझोन."

"का?"

"डेड लिहिलं होतं रे... तू असा समोर बसलेला."

त्यानं माझ्याकडं इतका वेळ बघितलं की मी खुर्चीतून अर्धा उठलो. मग त्याच्या तोंडाची चालती बाजू हसली. "येड्या, त्येला प्ले म्हणत्यात. स्टेअरिंगला थोडा प्ले लागतोच की. प्ले न्हाय ती गाडी देवाला तरी धरवंल व्हय सरळ?" तीस वर्षं हा शब्द त्याच्या तोंडात होता. बावीस वर्षं मास्तर असलेल्या मी विचारलं असतं तर त्यानं पहिल्याच दिवशी सांगितलं असतं. मलाही हसू आलं, सुटलो असं वाटलं, आणि तेवढ्यात त्यानं विचारलं, "कवा कळलं तुला?"

मी म्हणालो, "काल."

त्याचं हसू गेलं. "मग कालच सांगायचं न्हाय व्हय, मास्तर? एक दिस गेला की माझा."

मी उठून कॉम्प्युटरचं बटण दाबलं. एका दिवसासाठी त्याचा चेहरा असा झाला होता. माझ्या खिशात अकरा होते.

त्या दुपारीच त्यानं प्ले स्वतः बसवून घेतला. पट्टी मी ओढायची, थांब त्यानं म्हणायचं. दुसरी एक पट्टी होती, दांडी किती ढकलली की गाडी पूर्ण वळावी त्याची. त्याचा अंगठा फारसा सरकत नव्हता म्हणून ती आम्ही शंभरावरून तीसवर आणली, म्हणजे जरा ढकललं तरी पूर्ण वळण. दर सोमवारी ती पाचानं वाढवायची, म्हणजे अंगठ्याला जरा जास्त सरकावं लागेल, असं त्यानंच ठरवलं. गाडी सरळ चालायला लागली तसा तो बदलला. गेममधल्या परदेशी रस्त्यांना नावं ठेवायचा, ह्या रस्त्यांवर एक म्हैस न्हाय, खड्डा न्हाय, ड्रायव्हर झोपंल न्हाय तर काय करंल. टँकर जोडायचा आणि वळणावर खाटेवरची पाठ वळवायचा, आतलं दूध सांभाळत. आणि अडला की फोन, मास्तर ये. चाळीसवर आला तेव्हा बॉल खाटेखालून परत आला. पन्नासला एका सकाळी वहिनींचा फोन, यावेळी खरंच वहिनींचा, की आज ह्यांनी शर्टाची गुंडी डाव्या अंगठ्यानं लावली, दोन लावल्या, तिसऱ्या गुंडीला शिवी दिली. त्याच्या जागी आता टँकरवर असलेल्या ड्रायव्हरनं त्याला कबूल केलं होतं की अंगात बळ आलं की डेअरीच्या आवारात एक फेरी तू मार, मी शेजारी बसतो. गोंडानं त्याचाही आकडा ठरवला होता. सत्तर. सत्तर झालं की मारतो फेरी, मला म्हणाला, तू मागनं चालत ये, बसवणार न्हाय तुला.

पासष्टवर असताना तो गेला.

हिशेब मी करायचा नाही म्हणतो आणि रोज करतो. आठवड्याला पाच. अकरा दिवसांचे सात तरी. पासष्ट आणि सात. डॉक्टर म्हणाले, झटका यायचा तो आलाच असता, मनाला लावून घेऊ नका. तो येणारच होता हे मला मान्य आहे. पण तो येण्याआधी आवारातली ती फेरी झाली असती... एवढंच माझं म्हणणं आहे आणि ते ऐकायला आता गोंडा नाही.

हा लेख पेपरच्या पुरवणीला पाठवायच्या आधी मी वहिनींकडं गेलो, कारण छापलेलं वाचून कळण्यापेक्षा तोंडानं कळलेलं बरं, एवढी अक्कल या खेपेला तरी आली. त्या मेथी निवडत होत्या. मी सांगितलं, गोंडाला काल कळलं म्हणालो होतो, ते काल नव्हे, अकरा दिवस आधी. त्यांनी दोन काड्या निवडल्या. मग म्हणाल्या, "मला कशाला सांगताय भावजी? ते असते तर शिव्या घातल्या असत्या आणि तुम्ही मोकळे झाला असता. मला त्येंच्यासारख्या शिव्या येत न्हाईत."

कॉम्प्युटर नेऊ का विचारलं तर नको म्हणाल्या. मग मी त्याच खोलीत बसलो आणि चालू केला. टँकर त्यानं जिथं लावला होता तिथंच उभा होता, रस्त्याच्या कडेला, सरळ. पॅड हातात घेतला. माझ्या अंगठ्याला ती दांडी फार लवकर वळते. सगळं सेटिंग दुसऱ्याच्या हाताचं, गाडी दोनदा गवतात गेली. पट्टी परत शंभरावर नेली तर मला सोपं जाईल, पण तिला मी हात लावलेला नाही. दांडी हळूहळू पुढं ढकलत नेली की एका जागी टँकर पूर्ण वळलेला असतो. गोंडाचा अंगठा इथवर आला होता. दांडीला त्याच्या पुढं अजून जागा आहे, अंगठा खुशाल सरकतो, पण गाडी आणखी वळत नाही.