पॉइंट दोघांचा सरकव

अण्णा गेल्याचा फोन आला तेव्हा मी भोरच्या स्टँडवर हिर्डोशीच्या एसटीची वाट बघत होते. हातातल्या पिशवीत त्याचीच औषधं. "आत्या, अण्णा गेले," भाचा संजय म्हणाला, आणि मी विचारलं, "मग औषधं परत करू का?" ...काय बोलले मी! पण खरं सांगते, रडू आलंच नाही. नुसतं तिथंच खाली बसावंसं वाटलं. भावाचं करून करून अंग पार आंबून गेलं होतं.

अण्णा माझा थोरला भाऊ. त्याचा जन्म गेला शाळेत गणित शिकवण्यात. सगळं 'एकाला किती' यावर चालायचं. दीड तासात साडेचार किलोमीटर चाललो, तर एका तासात किती? पोरं दीड तास म्हणून १.३० लिहायची, कारण एसटीच्या वेळापत्रकात दीडची गाडी तशीच लिहिलेली असते. अण्णा कपाळावर हात मारून घ्यायचा. "आरं, ती घड्याळाची येळ! हितं एक पॉइंट पाच लिवा, मग भागा." मला तर तो जेवतानाही असली गणितं घालायचा. लई वैताग यायचा.

मग त्याची फुफ्फुसं थकली आणि घरात ऑक्सिजनचा सिलिंडर आला. एका सकाळी संजय टेम्पो घेऊन भोरला दुसरा सिलिंडर आणायला गेला, आणि वाटेत रस्त्याच्या कामात अडकला. फोनवर म्हणाला, "दोन तास तरी लागतील, आत्या." सिलिंडरच्या काट्यावरून बघितलं तर नऊशे लिटर उरलेला, आणि मिनिटाला अडीच लिटर जात होता. मी कॅलेंडरच्या पाठीवर भागाकार मांडला. २.५ मधला पॉइंट उडवला आणि नऊशेला पंचविसानं भागलं. छत्तीस मिनिटं! पुरवून पुरवून वापरू म्हणून मी धावत जाऊन हवा कमी करायला लागले, तर अण्णानं माझं मनगट धरलं. त्याला धाप लागली होती.

"थांब, शांते... आकडे वाच."

वाचले.

"पॉइंट... दोघांचा सरकव."

नऊशेचे नऊ हजार केले. तीनशे साठ मिनिटं. सहा तास! हवा परत पहिल्याएवढी केली आणि खाटेशी बसून हमसून हमसून रडले. तो म्हणाला, "आता चहा टाक." दुपारच्या आत संजय पोचला.

त्यानंतर अण्णा थोडेच आठवडे जगला. सिलिंडर माणूस येऊन घेऊन गेला, खोली झाडून झाली... आता मला काही काम नाही, तरी थकवा काही जात नाही. परवा नसरापूरहून येताना भोरच्या अलीकडं गाडी बंद पडली आणि डोकं आपोआप हिशेबाला लागलं. आता सिलिंडरमध्ये किती उरला असेल, मिनिटाला किती जातो, मी पोचेपर्यंत पुरेल का. मनातल्या मनात दोन्ही पॉइंट सरकवले. पुरत होता. जिवाला केवढं बरं वाटलं!

शेजारच्या बाईंनी विचारलं, "मावशी, गाडी बंद पडली आन् तुमी हसताय व्हय?"

"न्हाई वो, घरी भाऊ हाय ना," मी म्हणाले... आणि मग आठवलं.