भाला गेला, पायजमे राहिले

भालामावशी धावायच्या, उंच उडी मारायच्या, हॉकी खेळायच्या. आणि भाला असा फेकायच्या की पंच आधी जीव वाचवायचे, मग टेप धरायचे. मैदानावर उतरलेली आपल्याकडची पहिली बाई, असं आता जो तो सांगतो. त्या वेळी हेच लोक हाफपँट दिसली की मान फिरवायचे, आणि कोणी बघत नाही असं पाहून पुन्हा वळवायचे.

लग्नानंतर भाला गॅलरीत आडवा बांधला गेला. त्यावर काकांचे पायजमे वाळू लागले.

त्यांच्यावर लघुपट करणारी एक मुलगी आली, तेव्हा मावशींना एकच गोष्ट सांगायची होती. ती त्यांनी कॅमेऱ्यासमोर सांगितली. "परदेशातल्या स्पर्धेसाठी माझी निवड झाली होती. निघायच्या दिवशी यांनी पासपोर्ट कपाटात ठेवला नि किल्ली खिशात घातली. म्हणाले, घरचं कोण बघणार?"

"अगं, जुनं कशाला उकरतेस?" काका आतून ओरडले.

"मग लघुपट काय उद्याचा काढतायत?"

काका इस्त्रीचा शर्ट घालून आले आणि खुर्चीत बसून म्हणाले, "मी हिच्यामागे खंबीरपणे उभा राहिलो." उभे होते हे खरं. पण मागे नाही, दारात.

जाताना मुलीने भाला मागितला, खेळाच्या क्लबातल्या काचेच्या कपाटासाठी. मावशींनी दोऱ्या सोडून देऊन टाकला. गोष्ट पडद्यावर येणार होती, मग भाल्याचं काय एवढं?

पडद्यावर संगीत आलं, काकांचा खंबीरपणा आला. किल्ली काही आली नाही. टाळ्या पडल्या, पुष्पगुच्छ काकांना मिळाला.

"माझं किल्लीचं कुठे गेलं गं?"

"आजी, फार कडू वाटत होतं. हा तुमच्या गौरवाचा लघुपट आहे ना!"

"गौरव माझा, आणि तोंड गोड यांचं?"

सकाळी मावशी ओली चादर घेऊन गॅलरीत गेल्या. काका पेपर वाचत होते.

"भाला देऊन बसलीस. आता वाळत कुठे घालणार?"

"उठा. हात आडवे करा. खंबीर आहात ना?" मावशींनी चादर त्यांच्या हातांवर टाकली, आत येऊन दाराला कडी घातली.

"अगं, दार उघड! मला बाहेर जायचंय!"

"आणि घरचं कोण बघणार?"

घराचा पुढचा दरवाजा सताड उघडा होता, अडवणारं कोणी नव्हतं. मावशी उंबऱ्यापर्यंत गेल्या. मग तिथेच उभ्या राहिल्या. आता जायचं कुठे, हेच त्यांना आठवेना.