पाटोदकर सरांचं आवर्तन

मधुसूदन पाटोदकरांनी आयुष्यात एकच विषय धरला, आणि तोही असा की सांगायला सुरुवात केली की समोरचा घड्याळ बघू लागतो. विषय गणितातला. एक सरळ पट्टी घ्यायची, एक नियम घ्यायचा, आणि पट्टीवरच्या ठिपक्यांना तो नियम पुन्हा पुन्हा लावत राहायचं. कोण जागेवर बसून राहतं, कोण फिरून घरी येतं, कोण कायमचं भरकटतं, ते बघायचं. एवढ्यासाठी सरांनी दहा-अकरा वर्षं पीएच.डी. केली. त्या काळात त्यांच्या बरोबरीच्या मास्तरांनी संभाजीनगरच्या गारखेड्यात प्लॉट घेतले, त्यावर मजले चढवले आणि वरचा मजला भाड्यानंही दिला.

शाखेचं नाव टोपॉलॉजी. कॉलनीत पहिल्याच महिन्यात त्याचं 'टोपीवाले सर' झालं. शेजारच्या एका सद्गृहस्थानं तर, "कुणाला घालता हो टोपी?" असंही विचारून घेतलं. सर चिडले नाहीत. चिडायला समोरच्याला थोडं तरी कळलेलं असावं लागतं, असं त्यांचं मत होतं.

घराणं मूळचं भिक्षुकीचं. आजोबा शहागंजात पंचांग बघायचे, वडील कचेरीत कारकून. मुलगा इंजिनियर होणार नाही, गणितच करणार, हे कळल्यावर वडील म्हणाले होते, "आजोबांनी ग्रह फिरवले, मी अर्ज फिरवले, आता हा ठिपके फिरवणार. या घराण्यात एकानंही कुठली वस्तू जागेवर म्हणून ठेवली नाही."

कॉलेजात सर इमानेइतबारे नेमलेला अभ्यासक्रम शिकवायचे. आपल्या लाडक्या विषयाचा एक ऐच्छिक पेपर त्यांनी मोठ्या खटपटीनं सुरू करून घेतला होता. ऐच्छिक म्हटल्यावर दोन-चार जण सोडता मुलांची इच्छा झाली नाही. एकदा मात्र मागच्या बाकावरून आवाज आला, "सर, ये ठिपका घूम-घूमके आखिर जाता किधर?" सर इतके हरखले की तास संपल्याची घंटा त्यांना ऐकूच आली नाही. फळ्याच्या दोन्ही बाजू भरल्यावर त्यांनी वळून पाहिलं, तर पोरगा हजेरी लावून केव्हाच पसार झाला होता.

सरांना एक शब्द चिकटला होता, 'समजा'. समजा, क्ष हा एक बिंदू आहे. समजा, तो फिरून जागेवर आला. घरीसुद्धा, "शैला, समजा या आमटीत मीठ कमी आहे," असं म्हणायचे. शैलाताई बँकेत नोकरी केलेल्या, आकड्यांना न घाबरणाऱ्या बाई. त्या मीठ वाढायच्या. त्यांनी नवऱ्याचं व्याख्यान कधी ऐकलं नव्हतं. तिला काय कळणार त्यातलं, असं सरांनी लग्नानंतर लगेचच गृहीत धरलं होतं, आणि गणितातल्या माणसानं एकदा गृहीत धरलेली गोष्ट तपासायची नसते.

या डिसेंबरअखेर सर निवृत्त होणार होते. निरोप समारंभाची शाल, श्रीफळ, 'सर म्हणजे चालतंबोलतं विद्यापीठ' हे भाषण, याचं त्यांना काही अप्रूप नव्हतं. हुरहुर एकच होती. जायच्या आधी एकदा तरी, एका तरी माणसानं आपला विषय शेवटपर्यंत ऐकावा आणि त्यावर एक खरा प्रश्न विचारावा. 'हे परीक्षेला येणार का' हा सोडून.

आणि सोयगावहून तनुजाचा फोन आला. तनुजा त्यांची जुनी विद्यार्थिनी, आता तिथल्या कॉलेजात गणित शिकवणारी. "सर, गणित दिनाला आमच्याकडे या. तुमचाच विषय घ्या. फक्त मराठीत बोला, आमची पोरं खेड्यातली आहेत."

मराठीत! सरांनी आठवडाभर खपून सगळ्या संज्ञांची मराठी केली. फंक्शनचं फलन, इंटरव्हलचं अंतराल, आणि पुन्हा पुन्हा तेच करत राहण्याला फार सुंदर शब्द सापडला, आवर्तन. शीर्षक ठरलं, 'अंतरालावरील फलनांचे आवर्तन'. शैलाताईंना ते त्यांनी मोठ्यानं वाचून दाखवलं. त्या म्हणाल्या, "मीही येऊ का? घरी बसून तरी काय करू?" सर म्हणाले, "कंटाळशील." तरी त्या गाडीत बसल्या.

आता सरांच्या विषयाचं एक लक्षण सांगायला हवं. सुरुवातीला केसाएवढा फरक पडला, आणि तोच नियम पुन्हा पुन्हा लावत गेलं, तर फरक वाढत जाऊन शेवटी मूळचं काही ओळखू येत नाही. सरांनी यावर निबंध लिहिले होते. सोयगावकरांनी ते मोबाइलवर करून दाखवलं. तनुजानं कार्यक्रमाचा निरोप मुलांच्या ग्रुपवर टाकला. तिथून तो एका पालकाकडे गेला. त्याला 'फलनांचे' ही छपाईची चूक वाटली, म्हणून त्यानं 'फळांचे' केलं. पुढच्या गावच्या ग्रुपवर 'अंतराल'चं 'आंतरपीक' झालं. त्याच्या पुढं कुणीतरी शहाण्यानं फळं आणि पिकं दोन्ही काढून टाकली आणि मुद्द्याचं तेवढं ठेवलं : 'आवर्तनाबाबत माहिती देण्यासाठी संभाजीनगरहून मोठे साहेब येणार. सर्व शेतकरी बांधवांनी हजर राहावे.'

दिवस रब्बीचे. गहू-हरभरा पाण्याला आलेला. अशा दिवसांत त्या मुलखात आवर्तन या शब्दाचा एकच अर्थ असतो, धरणातून पाटाला सुटणारं पाणी.

सर सभागृहात शिरले आणि उंबऱ्यातच थबकले. खुर्च्या भरलेल्या, सतरंज्या भरलेल्या, खिडकीत माणसं. धोतरं, टोप्या, डोक्यावरून पदर घेतलेल्या बाया. "तनुजा," सर हळूच म्हणाले, "गणिताची एवढी आवड?" तनुजाचा चेहरा पांढरा पडला होता, पण सर चेहरे वाचण्यातले नव्हते. शैलाताई शेवटच्या रांगेत जाऊन बसल्या.

तात्यासाहेब नावाच्या गावच्या वडीलधाऱ्यांनी सरांना कुंकू लावलं, शाल पांघरली, नारळ दिला. सर उभे राहिले.

"आज आपण आवर्तनाविषयी बोलणार आहोत."

टाळ्यांचा कडकडाट झाला. व्याख्येच्या आधीच टाळ्या!

"आवर्तन म्हणजे तीच क्रिया पुन्हा पुन्हा करणं."

"पुन्हा कुटं, सायेब! यंदा एकडाव बी नाय!" कुणीतरी ओरडलं. सभागृह हसलं. सरही हसले. खेड्यातल्या माणसाची विनोदबुद्धी, त्यांना वाटलं, शहरात नाही राहिली.

"प्रत्येक आवर्तनाला स्वतःचा एक काल असतो."

"बराबर!"

"आता खरा प्रश्न असा, की अंतरालाच्या शेवटच्या टोकाला काय होतं?"

सगळी सभा ताडकन उभी राहिली. "टेलला पानीच येत नाय! वरचेच समदं उपसतेत! लिवून घ्या, सायेब!"

मग पहिल्या रांगेतल्या कडूबाई उठल्या. म्हाताऱ्या होत्या, आवाज खणखणीत. "सायेब, त्ये टोक-बिक ऱ्हाऊ द्या. पानी कोन्च्या तारखेला सोडता, तेवढं बोला. माझा हरभरा वाळून चाललाय."

आता कुठं सरांच्या डोक्यात उजेड पडला. ज्या माणसाला गारखेड्यातल्या स्वतःच्या नळाला पाणी कधी येईल हे सांगता येत नव्हतं, त्याच्याकडे अख्खी पंचक्रोशी तारीख मागत होती. खोटं कशाला बोला, क्षणभर त्यांना मोह पडला. 'लवकरच सोडू' एवढं म्हटलं असतं तर लोक बसले असते आणि सरांना आपलं पुढचं सांगता आलं असतं. आजवर बऱ्याच साहेबांनी एवढ्यावर निभावून नेलंय. पण सरांना ते जमेना.

"माफ करा," ते म्हणाले, "मी पाण्याचा माणूस नाही. माझ्याकडे धरण नाही, पाट नाही. मी गणिताचा मास्तर आहे. माझं आवर्तन ठिपक्यांचं."

थोडा वेळ कुणाला काही समजेना. मग बांध फुटावा तसं सभागृह दारातून बाहेर वाहून गेलं. "येड्यात काढलं राव!" "नारळ बी दिला वर!" मागे उरले ते असे : तात्यासाहेब, कारण आभार त्यांच्याकडे होते. कडूबाई, कारण त्यांची जीप यायची होती. दारात घुटमळणारी काही पोरं, कारण चहा यायचा होता. आणि शेवटच्या रांगेत शैलाताई.

तात्यासाहेबांनाच वाईट वाटलं. म्हणाले, "आलाच हाव, तर सांगा की तुमचं ठिपक्याचं. लई लांबून आलाव."

सरांनी खांद्यावरची शाल काढली. एक टोक तात्यासाहेबांच्या हातात दिलं, एक स्वतः धरलं. "समजा, ही पट्टी. हिच्यावरचा प्रत्येक ठिपका रोज नियमानं याच पट्टीवर कुठल्या तरी जागी जातो. अट एकच, शेजारचे ठिपके शेजारीच जातील, पट्टी कुठं फाटणार नाही. तर एक तरी ठिपका असा असतोच, जो हलत नाही. जिथं होता तिथंच."

"आमच्या पाटावरच्या पाटकऱ्यावानी," तात्यासाहेब म्हणाले.

सर रंगात आले. "काही ठिपके दोन जागांत ये-जा करतात. काही तीन जागा फिरून घरी येतात. आणि आता गंमत ऐका. असा तीन जागा फिरून परतणारा एक जरी ठिपका पट्टीवर असला, तर चार फिरून परतणारा असतोच. पाच फिरणारा असतो. सतरा, हजार, म्हणाल तेवढ्या फिरून परतणारे ठिपके त्याच पट्टीवर असतातच. हे सिद्ध करता येतं!"

कपाळावर घाम, शाल हातात ताणलेली, डोळे भरून आलेले. हा आनंद त्यांना आजवर फळ्याकडे तोंड करूनच झाला होता.

तात्यासाहेबांनी मान डोलावली. "म्हंजी तिसरं आवर्तन झालं, की बाकीची समदी व्हनारच."

"असतात," सर म्हणाले. "होणार, असं नाही. असतात."

"तेच की!" तात्यासाहेब म्हणाले, आणि आभार मानून मोकळे झाले. कडूबाईंची जीप आली. जाताना त्या तनुजाला म्हणाल्या, "मास्तर मानूस चांगला हाय, पर त्याला कुनी तरी पानी दाखवा." चहाही आला आणि पोरंही गेली.

परतताना सर गाडी चालवत अजिंठ्याचा घाट चढले. ऊन कलत आलं होतं. घाट संपताच शैलाताईंचा मोबाइल वाजला. तनुजानं, घाबरतच, गावात फिरत असलेला नवा निरोप पाठवला होता. शैलाताईंनी मोठ्यानं वाचला : 'तिसरे आवर्तन सुटल्यास पुढील सर्व आवर्तने सुटणारच. संभाजीनगरच्या तज्ज्ञांनी सिद्ध केले. जास्तीत जास्त ग्रुपवर पाठवा.'

सरांनी स्टिअरिंगवर हात आपटला. "घ्या! उभा जन्म घालवला, आणि शेवटी प्रसिद्धी कशाची, तर अफवेची! एकानं, एका माणसानं तरी नीट ऐकलं असतं..."

"चुकीचंच लिहिलंय," शैलाताई मोबाइलकडे बघतच म्हणाल्या. "तुम्ही 'असतात' म्हणालात. 'सुटणार' कुठं म्हणालात? पट्टी फाटणार नाही, ही अटसुद्धा गाळलीय." त्या तनुजाला तसं लिहूही लागल्या. लिहिता लिहिता थांबल्या. "अहो, पण मला एक सांगा. तीनवाला असला तर सगळे असतात, हे कळलं. पण उलट? समोर नुसता दोनवाला दिसला, तर तीनवाला असेलच असं नाही ना?"

सरांनी गोळेगावच्या अलीकडे गाडी रस्त्याच्या कडेला घेतली. उलट खरं आहे का? हाच तो प्रश्न. यासाठी ते दर वर्षी वर्गात मुद्दाम थांबायचे, खडू हातात धरून, आणि दर वर्षी कुणीतरी विचारायचं की सर, पुसू का.

"तू हे कधीपासून..." सर तिच्याकडे वळले.

"आजच. याआधी तुम्ही मला सांगितलंत कधी? इंग्रजीत पुटपुटायचात, घरातल्या फळ्याला. मी बाजूच्या खोलीत होते की सगळी वर्षं."

सरांना एकदम खूप वाईट वाटलं, आणि तितकाच आनंद झाला, आणि दोन्हींचं काय करावं ते त्यांना कळेना. त्यांनी गाडी बंद केली. मागच्या सीटवरची शाल ओढून घेतली आणि तिचं एक टोक बायकोच्या हातात दिलं.

"समजा..."

"समजा नका म्हणू आता," शैलाताई म्हणाल्या. "सांगा."