रिकाम्या टाकीचं ओझं

कुठलीही वस्तू हातात दिली की आमचे सर आधी ती तळहातावर दोनदा वरखाली करायचे, डोळे बारीक करायचे आणि विचारायचे, "वजन किती?"

पेढ्यांचा पुडा असो, नवा मोबाईल असो, नाहीतर कतारमधल्या रास लफानच्या आमच्या गॅस प्लँटमधला एखादा व्हॉल्व्ह असो. प्रश्न हाच. एकदा आमच्यातल्या एकाच्या मुलीच्या बारशाला त्यांनी बाळ हातात घेऊन हे विचारलं, तेव्हा आयुष्यात पहिल्यांदा कुणी हसलं नाही. उलट बाळाच्या आईने कौतुकाने उत्तर दिलं.

तुमच्याही ओळखीत असं माणूस असेल, जे नोकरी चोख करतं, पण ज्याचा जीव भलतीकडेच असतो. आमच्या सरांचा जीव चार लाख किलोमीटरवर होता. माणसांना घेऊन चंद्रावर उतरणारं यान हा त्यांचा एकमेव विषय. रॉकेटचं त्यांना काही नव्हतं. "वर काय, कुणीही जाईल राजे," ते मला म्हणायचे. "धड उतरायचं कसं ते सांग."

राजे म्हणजे मी. बीड जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावचा, जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकलेला, घरात कॉलेजची पायरी चढलेला पहिलाच. इन्स्ट्रुमेंटेशनची डिग्री घेऊन दोह्यात आलो, तेव्हा मीटिंगमध्ये कुणी इंग्रजीत प्रश्न विचारला की माझी जीभ टाळूला चिकटायची. सरांनी हे पहिल्याच आठवड्यात ओळखलं. कंपनीच्या बसमध्ये मला शेजारी बसवलं आणि म्हणाले, "चंद्रावर उतरताना यानातली दोन माणसं काय बोलत होती, ठाऊक आहे? नुसते आकडे. उंची एवढी, वेग एवढा. तूही मीटिंगमध्ये फक्त आकडे बोल. नीट, सावकाश. बाकीचं इंग्रजी मागून चालत येईल."

ते खरंच मागून चालत आलं. माझ्या आईला मी फोनवर सांगितलं, तर ती म्हणाली, "त्या माणसाला आपल्याकडची शेंगदाण्याची चटणी पाठव." पाठवली. त्यांनी डबा तळहातावर घेतला आणि... तुम्हाला माहीतच आहे.

वजनाचं हे वेड त्या यानातूनच आलेलं. ते यान बांधणाऱ्यांनी म्हणे एकेक ग्रॅम खरवडून काढला होता. भिंती काही ठिकाणी कागदासारख्या पातळ. आणि खुर्च्या? सर इथे आवाज खाली आणायचे, जणू घरातली आतली गोष्ट सांगताहेत. "खुर्च्याच काढून टाकल्या! माणसं उभी. उभं राहिलं की खिडकीला नाक लावता येतं, मग खिडकी लहान चालते, काच कमी लागते, वजन वाचतं. चंद्रावर माणूस उभ्या-उभ्या गेलाय, राजे. आपल्या एसटीसारखा."

आता नवी यानं येताहेत, इमारतीएवढी उंच, त्यातून खाली यायला लिफ्ट असणार, हे मी त्यांना एकदा मोठ्या उत्साहाने सांगितलं. ते गंभीर झाले. "लिफ्ट बंद पडली तर? तुमच्या टॉवरची आठवड्यातून किती वेळा बंद पडते?"

"दोनदा, सर."

"मग! इथे वॉचमन तरी आहे."

दोह्याच्या अल दुहैल भागातल्या एका कंपाउंडमध्ये, म्हणजे बंदिस्त वसाहतीत, त्यांचा व्हिला होता. तिथल्या गॅरेजमध्ये त्यांनी त्या जुन्या यानाची केबिन उभी केली, खऱ्या मापाची. गाडी दोन वर्षं उन्हात राहिली. इंडस्ट्रियल एरियातून एक पाकिस्तानी सुतार प्लायवूड घेऊन आला. त्याने नकाशा उलटा-सुलटा करून पाहिला आणि विचारलं, "साहब, दरवाज़ा इतना नीचे? अंदर बकरी रखनी है?"

सर खूश झाले. त्याला चहा पाजून त्यांनी यानाचं दार समजावलं. पाठीवर सामानाची पेटी बांधलेला माणूस गुडघ्यांवर रांगत, पाय आधी, उलटा बाहेर पडतो. दार आधी गोल करणार होते, पण पेटी अडकायला लागली, म्हणून चौकोनी केलं. सुताराने सगळं ऐकून घेतलं आणि दार चार बोटं वाढवून कापलं. "आपके दोस्त लोग खाते-पीते घर के हैं," तो म्हणाला. पुढे पुण्याचे एक फायनान्सवाले त्यात अडकले आणि त्यांना दोघांनी ओढून काढावं लागलं. त्या सुताराची दूरदृष्टी चार बोटांनी कमीच पडली.

केबिनमध्ये दोन तिरक्या खिडक्या होत्या, त्यामागे टीव्हीचे पडदे, आणि पडद्यांवर वर येणारा चंद्र. ते सगळं चालवणारा प्रोग्रॅम मी लिहिला होता. मला त्याचा फार अभिमान होता. डाव्या हाताला इंजिनाचा जोर कमी-जास्त करायची मूठ, उजव्या हाताला यान वळवायची. जोर थोडा कमी केला की यान खाली जाणार, वाढवला की अधांतरी थांबणार, आणि थांबलं की इंधन जाणार.

शुक्रवारी दुपारी सगळी मराठी मंडळी जमायची. जेवणं व्हायची, मग उड्डाणं. बायका, मुलं, जावई, भारतातून आलेले आईवडील, सगळ्यांनी चंद्र पाहिला. उतरलं मात्र कुणीच नाही. बाकीचे खुशाल आपटायचे आणि टाळ्या घ्यायचे. मुलं इंग्रजीत स्फोटाचे आवाज काढायची. सर कधीच आपटले नाहीत. त्यांचा नियम होता: वीस सेकंदांचं इंधन उरलं आणि पाय टेकले नाहीत, तर परत फिरायचं. खालचा अर्धा भाग तिथेच सोडून द्यायचा, वरच्या भागाचं इंजिन पेटवायचं, वर.

"एकदा म्हणजे एकदा," मी म्हणायचो, "खोटं तर आहे सर, जरा रेटा ना."

"यानात दोघं असतात," ते म्हणायचे.

दोन वर्षं हा माणूस चंद्राच्या तीस मीटरवरून परत येत होता. हळूहळू त्यांना वाटायला लागलं की दोष आपल्यातच आहे. "हात जड झालाय माझा," असं ते मूठ सोडताना म्हणायचे. एकदा डोळे तपासून आले आणि चष्म्याचा नंबर बदलला.

मग त्यांची साठी आली आणि कंपनीने काँट्रॅक्ट पुढे वाढवलं नाही. नाशिकला परत जायचं ठरलं. व्हिला रविवारी रिकामा करायचा होता. त्याच्या आधीचा शुक्रवार म्हणजे शेवटचं उड्डाण. त्यांनी कुणाला काही बोलून दाखवलं नाही, पण त्या आठवड्यात बसमध्ये त्यांचा डावा हात मांडीवर सारखा मूठ धरून बसलेला असायचा. मला दिसत होतं.

मंगळवारी मी जेट्टीवर एक गेज तपासायला गेलो होतो. गॅस भरायला आलेलं जहाज सकाळी पाण्यावर उंच तरंगत होतं. दुपारी परत पाहिलं, तर चांगलंच खाली बसलं होतं. साहजिकच आहे. टाक्या भरल्या की वजन वाढतं. टाक्या रिकाम्या झाल्या की...

माझ्या हातातला स्क्रू ड्रायव्हर खाली पडला.

आमच्या धंद्यात टाकीची पातळी आणि टाकीचं वजन हे दोन वेगळे आकडे असतात. दोन वेगळी गेजं. मी सवयीने यानालाही तसंच केलं होतं. इंधनाची पातळी सेकंदासेकंदाला खाली येत होती. वजनाचा आकडा मात्र मी सुरुवातीला एकदा भरला आणि तो तसाच राहिला होता. खरं यान जमिनीजवळ येईतो जवळपास निम्मं हलकं होतं. आमचं यान रिकाम्या टाक्या घेऊन भरल्या वजनाने उतरत होतं. दुप्पट जोर, दुप्पट इंधन. त्यात कुणीही उतरू शकलं नसतं.

गुपचूप दुरुस्त करावं, त्यांना वाटू द्यावं की हात हलका झाला, असंही मनात आलं. पण ज्या माणसाने मला आकडे बोलायला शिकवलं, त्याच्यापासूनच आकडा लपवायचा? बुधवारी बसमध्ये मी सांगून टाकलं.

"सर, चूक माझी आहे. इंधन जळतं, पण यानाचं वजन कमी होत नाही. ती ओळ मी लिहिलीच नाही."

त्यांनी तोंड खिडकीकडे फिरवलं. मग त्यांचे खांदे हलायला लागले. वाटलं, रडताहेत.

"म्हणजे," ते कसंबसं म्हणाले, "जळून गेलेलं इंधनसुद्धा आपण उचलून नेत होतो?"

"हो, सर."

"दोन वर्षं?"

"हो, सर."

"आणि मी चष्मा बदलला!" त्यांनी पुढच्या सीटवर डोकं टेकलं आणि पोट धरून हसत सुटले. "अरे राजे, अख्ख्या जगाला वजन विचारत हिंडलो, आणि एक तेवढं तुला विचारायचं राहिलं!"

मग त्यांनी उठून ही गोष्ट सगळ्या बसला हिंदीत सांगितली. नेपाळी ड्रायव्हरलाही सांगितली. निम्म्यांना कळली नाही, पण हसले सगळे. उतरताना माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "दुरुस्त कर. शुक्रवारी उतरायचं, इन्शाल्ला."

शुक्रवारी गॅरेजमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. ठरलं होतं की आत त्यांच्याबरोबर मी उभं राहायचं. पण नवा प्रोग्रॅम ऐनवेळी अडला तर बाहेर कुणीतरी हवं, म्हणून मी कॉम्प्युटरपाशी बसलो. आकडे कोण वाचणार? सर इकडेतिकडे बघत होते, तेवढ्यात काकू, म्हणजे सरांच्या मिसेस, स्वयंपाकघरातून हात पुसत आल्या. दोन वर्षांत केबिनमध्ये त्या एकदाही शिरल्या नव्हत्या. त्यांचं म्हणणं, खोक्यात जीव गुदमरतो.

"सरका," त्या म्हणाल्या. "आकडेच वाचायचे ना? नाशिकला वीस वर्षं वर्गात हजेरी घेतलीय मी."

दार लागलं. चंद्र वर यायला लागला. काकूंचा आवाज बाहेर स्पीकरवर खणखणीत येत होता. "उंची दोनशे. वेग सहा. उंची एकशे सत्तर. वेग पाच. अहो, बरं चाललंय."

आणि मग जे झालं त्याची कल्पना मला यायला हवी होती. सरांच्या हाताला दोन वर्षं जड यानाची सवय. शंभर मीटरवर त्यांनी नेहमीसारखा जोर दिला आणि हलकं झालेलं यान थांबलं, मग वर निघालं.

"उंची एकशे दहा," काकू म्हणाल्या. "एकशे वीस. अहो, वर कुठे निघालात?"

गॅरेज हसून फुटायला आलं. सरांनी मूठ खाली घेतली, यान कोसळायला लागलं. ते घाबरले, पुन्हा जोर. पुन्हा वर. इंधन चाललं होतं. मी माईकवर म्हटलं, "साठ सेकंद."

"मला जमत नाहीये गं," सरांचा आवाज आला. स्पीकर चालू आहे हे ते विसरले होते.

"जमतंय. ऐका माझं. दूध उतू जाताना काय करता? गॅस बंद करता आणि भांडं उचलायला धावता. तसं नाही करायचं. बारीक करा नुसता. बारीक. अजून थोडा. हां. आता हात लावू नका."

हसणं थांबलं. नव्वद. सत्तर. पन्नास. काकू हजेरी घेत होत्या आणि यान एकेका आकड्याला हजर म्हणत खाली येत होतं. तीस मीटर, जिथून ते नेहमी परत फिरायचे, तेही मागे गेलं. खिडकीत धूळ उडायला लागली.

"तीस सेकंद," मी म्हटलं.

"उंची सहा. वेग एक. उंची चार. बारीक, बारीक. उंची दोन. अहो, हा निळा दिवा कसला लागला?"

यानाच्या पायांखाली लांब काड्या असतात. त्यातली एखादी जमिनीला लागली की तो दिवा लागतो. सरांनी इंजिन बंद केलं. पडदा हलला आणि स्थिर झाला. बावीस सेकंदांचं इंधन शिल्लक होतं.

गॅरेजमध्ये जे काही झालं ते मला सांगता येणार नाही. पुण्याचे फायनान्सवाले मला मिठी मारून नाचत होते. कुणीतरी कुकरच्या झाकणावर चमचा बडवत होतं. शेजारच्या व्हिल्यातली अरबी आजी काय झालं म्हणून दारात आली आणि कुणी न सांगताच टाळ्या वाजवायला लागली.

मग ते खालचं दार उघडलं. आधी सरांचे पाय आले, मग गुडघे, मग ते उलटे रांगत शिडीवरून खाली उतरले. मोबाईल वर झाले. आता सर काहीतरी मोठं बोलणार, हे सगळे धरूनच चालले होते. चंद्रावर पाय ठेवल्यावर माणूस काही ना काही बोलतोच. मलाही वाटलं, इतकी वर्षं मनात घोळवलेलं एखादं वाक्य असणार.

सर सिमेंटच्या फरशीवर उभे राहिले. आमच्याकडे पाठ करून त्यांनी दोन्ही हात दाराकडे केले.

"ये गं, जपून," ते म्हणाले. "शेवटची पायरी उंच आहे."

रविवारी ते गेले. मी विमानतळावर सोडून परत आलो, तोवर व्हिला ताब्यात घ्यायला कंपाउंडचा माणूस येऊन थांबला होता. केरळचा, हातात यादी. प्लायवूड टेम्पोत चढलं, शिडी गेली, खिडक्या गेल्या. रिकाम्या गॅरेजमध्ये फरशीवर माझ्या कॉम्प्युटरचा पडदा तेवढा राहिला. शुक्रवारपासून मी तो बंद केलाच नव्हता. उंची शून्य. वेग शून्य. शिल्लक बावीस सेकंद.

त्या माणसाने यादीवर खूण केली आणि वायरकडे बोट दाखवलं. "सर, खलास? बंद करूं?"

मी म्हटलं, "पहले चाय पीते हैं."